छायेतला निर्माता : फ्रेड को यांच्या कारकिर्दीचा विचार

सर्वोत्कृष्ट चित्रपट, दिग्दर्शन, अभिनय आणि पटकथा अशी चार ऑस्कर पारितोषिके 'मार्टी' या १९५५ सालच्या अमेरिकन चित्रपटाने मिळविली. कान येथील महोत्सवाचा सर्वोच्च सन्मानही त्याच वर्षी त्याला लाभला. न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागातील एका स्थूल, साध्या चेहऱ्याच्या, पस्तिशीच्या आसपासच्या अविवाहित खाटकाची ही गोष्ट. लेखक पॅडी चेएफ्स्की, दिग्दर्शक डेल्बर्ट मॅन, नट अर्नेस्ट बोर्गनाइन आणि निर्माते हॅरल्ड हेक्ट ही नावे तेव्हापासून चित्रपटाच्या इतिहासात स्थिर झाली. मात्र चित्रपट होण्याच्या दोन वर्षे आधी, २४ मे १९५३ रोजी, ही गोष्ट दूरचित्रवाणीवर थेट सादर झाली होती. त्या नाट्यमालिकेच्या ज्या निर्मात्याने चेएफ्स्की यांना लिहिते ठेवले आणि मॅन यांना या माध्यमात आणले, त्याचे नाव चित्रपटाच्या श्रेयनामावलीत नाही. ते नाव फ्रेड को.

प्रस्तुत लेखात या को यांच्या कारकिर्दीकडे पाहताना आमच्यासमोर एक जुना प्रश्न आहे. ज्याने लिहिले नाही, अभिनय केला नाही आणि बहुतेक वेळा दिग्दर्शनही केले नाही, अशा माणसाला कलावंत म्हणावे काय? म्हणावयाचे, तर त्याची कला शोधावी कोठे?

'मार्टी' हा चित्रपट आम्ही महाविद्यालयात असताना पाहिला आणि तो हॉलिवूडची उत्तम निर्मिती आहे असे समजून चाललो. मूळ दूरचित्रवाणी-नाट्य पाहण्याचा योग फार उशिरा आला. १९५०च्या दशकातील अशा निवडक नाट्यांच्या तबकड्यांचा एक संच अमेरिकेत २००९ साली निघाला. तो एका स्नेह्यांनी आणून दिला, तेव्हा आम्हांला ते पाहावयास मिळाले. त्या काळी चित्रफितीवर मुद्रण करण्याची सोय नव्हती. ती १९५६ सालानंतर आली. तोपर्यंत प्रक्षेपण चालू असताना एका पडद्यासमोर चित्रपटाचा कॅमेरा लावून त्याची प्रतिमा टिपली जाई. 'किनेस्कोप' म्हणतात तो हाच प्रकार. चित्र करडे, कडा धूसर, आवाज किंचित घुसमटलेला. ज्यांनी आमच्याप्रमाणे दूरदर्शनच्या आरंभीच्या काळात 'रुकावट के लिए खेद है' ही पाटी भक्तिभावाने वाचली आहे, त्यांना अशा चित्राचे वावडे असण्याचे कारण नाही.

त्यात एक प्रसंग असा आहे. मार्टी (ही भूमिका तेथे रॉड स्टायगर यांनी केली आहे) एका ओझरत्या ओळखीच्या मुलीला दूरध्वनी करतो. पलीकडचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही. कॅमेरा हळूहळू त्याच्या चेहऱ्याजवळ सरकतो आणि नकार आपल्याला केवळ त्या चेहऱ्यावरून कळतो. चित्रपटातही हा प्रसंग चांगला उतरला आहे. तरीही त्या करड्या, धूसर चित्रात तो आम्हांला अधिक जवळचा वाटला. येथे दुसरा 'टेक' नाही. नटाचा घसा दाटला तर तो त्या क्षणी, त्या रविवारी रात्री, लक्षावधी घरांत एकदमच दाटला. अशा जोखमीच्या माध्यमात इतक्या साध्या माणसाची, इतकी अल्प घटना असलेली गोष्ट सादर होऊ देण्याचे धैर्य कोणाचे, याचा शोध घेत आम्ही को यांच्यापर्यंत पोहोचलो.

को यांचा जन्म १३ डिसेंबर १९१४ रोजी मिसिसिपी राज्यातील ॲलिगेटर नावाच्या छोट्याशा गावी झाला. त्यांचे वाढीचे वय पुढे टेनेसीमधील नॅशव्हिल येथे गेले. येल विद्यापीठात त्यांनी नाट्यशिक्षण घेतले आणि दक्षिण कॅरोलायनातील कोलंबिया या शहरात हौशी मंडळींच्या नाट्यसंस्थेचे संचालन केले. १९४५ साली ते न्यूयॉर्कला एनबीसी या कंपनीत दाखल झाले. त्या वेळी दूरचित्रवाणी हे नभोवाणीचे दुर्लक्षित धाकटे भावंड होते. नावाजलेले लोक तिकडे फिरकत नसत. त्यामुळे तिशीच्या तरुणाला तेथे वाव होता.

३ ऑक्टोबर १९४८ रोजी 'फिल्को टेलिव्हिजन प्लेहाउस' ही मालिका सुरू झाली. दर रविवारी रात्री एक तासाचे नाटक, तेही थेट. जाहिराती वगळता हाती उरत ती पन्नासएक मिनिटे. आरंभीचे पुष्कळसे प्रयोग को यांनी स्वतः दिग्दर्शित केले. पहिल्या हंगामात रंगभूमीवरील गाजलेली नाटके घेतली गेली. जानेवारी १९४९ मध्ये होझे फेरर यांचा 'सिरानो' या मालिकेतून लोकांनी पाहिला. पुढच्या हंगामात कादंबऱ्यांवर भर होता. परंतु लवकरच अडचण उभी राहिली. चांगल्या नाटकांचे आणि कादंबऱ्यांचे हक्क बहुधा चित्रपट कंपन्यांकडे असत, आणि आपल्या या नव्या प्रतिस्पर्ध्याला ते देण्यास त्या राजी नव्हत्या.

येथे को यांच्या कारकिर्दीला वळण लागले. जुने साहित्य मिळत नसेल तर नवे लिहून घ्यावे, असे त्यांनी ठरविले. वरवर पाहता ही व्यवहारातील तडजोड होती. परंतु तिच्यातून त्यांनी एक तत्त्व उभे केले. दर आठवड्याला नवे नाटक हवे असेल तर लेखक हवेत. लेखक हवे असतील तर त्यांना प्रतिष्ठा हवी, मोबदला हवा आणि चुकण्याची मुभा हवी. चेएफ्स्की, हॉर्टन फूट, टॅड मोझेल, जे. पी. मिलर, रॉबर्ट ॲलन आर्थर, डेव्हिड शॉ ही नावे तेव्हा कोणाला ठाऊक नव्हती. को यांनी त्यांना तालमींना बसविले आणि त्यांची संहिता त्यांच्या पश्चात कापली जाणार नाही, असा विश्वास दिला. हॉलिवूडमध्ये पटकथालेखकाला चित्रीकरणाच्या जागी फारसे कोणी विचारीत नसे, तेव्हाची ही गोष्ट आहे. ही लेखकमंडळी को यांना 'पॅपी' म्हणत; घरातल्या वडीलधाऱ्याला हाक मारावी तशी ती हाक होती. त्या वेळी को स्वतः चाळिशीलाही पोहोचले नव्हते.

या पद्धतीचे फळ १९५३ साली हाती आले. १ मार्च रोजी हॉर्टन फूट यांचे 'द ट्रिप टू बाउंटिफुल' सादर झाले. ह्यूस्टनमधील लहानशा घरात मुलासुनेबरोबर कोंडल्यासारखी राहणारी एक वृद्धा मरण्यापूर्वी एकदा आपले बाउंटिफुल हे गाव पाहावे म्हणून घरातून पळून जाते. गाव ओस पडलेले असते आणि घर मोडकळीस आलेले. एवढीच कथा. मूकपटांच्या काळातील थोर अभिनेत्री लिलियन गिश त्या वृद्धेच्या भूमिकेत होत्या. पिढ्यांपूर्वी कोकण किंवा देश सोडून आलेल्या आमच्यासारख्या घराण्यांतील वाचकांना या कथेचे मर्म समजावून सांगण्याची गरज नाही. त्याच वर्षी हे नाट्य ब्रॉडवेच्या रंगमंचावर गेले. १९८५ साली त्याचा चित्रपट झाला आणि जेराल्डिन पेज यांना त्यासाठी ऑस्कर मिळाले. २०१३ साली ब्रॉडवेवरील नव्या प्रयोगात त्याच भूमिकेसाठी सिसिली टायसन या कृष्णवर्णीय अभिनेत्रीला टोनी पारितोषिक मिळाले. एका रविवारच्या तासाभरासाठी सादर झालेली गोष्ट साठ वर्षे जगली.

'मार्टी'ची जन्मकथाही बोलकी आहे. तालमी न्यूयॉर्कमधील एका हॉटेलच्या नृत्यदालनात चालत. एकटे स्त्री-पुरुष ओळखीपाळखीसाठी जमत ते मेळावेही तेथेच भरत. त्यासंबंधीची तेथील एक पाटी चेएफ्स्की यांच्या नजरेस पडली आणि त्यांना कथाबीज सापडले. हाती संहिता नसताना या अपुऱ्या लेखनावर मालिकेची तारीख सोपविण्यात आली आणि शेवटचा अंक तालमी चालू असताना लिहून झाला. कोणताही सावध व्यवस्थापक हा धोका पत्करणार नाही. आम्ही राज्य शासनाच्या सेवेत तीस वर्षांहून अधिक काळ काढला आहे; अपुऱ्या कागदांवर पुढची तारीख देणे म्हणजे काय, हे आम्ही जाणतो. तेथे माणसाची पारख लागते, आणि पारख चुकली तर दोष स्वतःच्या माथी घेण्याची तयारी लागते.

को यांची कला आम्हांला येथे दिसते. चौकटीतील छायाप्रकाशात किंवा संवादांच्या वळणात तिचा शोध घेतला तर ती सापडणार नाही. कोणता लेखक कोणत्या दिग्दर्शकाबरोबर खुलेल, कोणत्या संहितेला हात लावू नये, कोणाला आणखी एक संधी द्यावी, या निर्णयांत ती आहे. असे निर्णय शंभरांवर प्रयोगांतून सातत्याने बरोबर येत असतील, तर त्याला योगायोग म्हणता येत नाही. आमच्या मते ती दृष्टी आहे, आणि दृष्टी हा कलेचाच भाग आहे.

एक आक्षेप येथे रास्तपणे घेता येईल. हे तर चांगल्या प्रशासकाचे गुण झाले. त्यांना कला कशाला म्हणावयाचे? शिवाय आम्ही निवृत्त अधिकारी असल्यामुळे आपल्याच जातकुळीच्या माणसाची तरफदारी करीत आहोत, असेही कोणी म्हणेल. या आक्षेपात तथ्य नाही असे आम्ही म्हणणार नाही. म्हणून को यांच्या कारकिर्दीतील पुरावाच तपासून पाहू.

पहिला पुरावा त्यांच्या अन्य निर्मितींचा. वॉली कॉक्स यांची लाजऱ्या शिक्षकाची भूमिका असलेली 'मिस्टर पीपर्स' (१९५२–५५) ही हलकीफुलकी मालिका को यांचीच. १९५३च्या उन्हाळ्यात त्यांनी तरुण आर्थर पेन यांच्या हाती एक प्रयोग सोपविला. त्यात कॅमेरा हेच एक पात्र होते आणि इतर पात्रे थेट त्याच्याशी बोलत. ७ मार्च १९५५ रोजी मेरी मार्टिन यांचे 'पीटर पॅन' त्यांच्या निर्मितीत रंगीत स्वरूपात थेट प्रक्षेपित झाले, तेव्हा ते सुमारे साडेसहा कोटी लोकांनी पाहिले असा अंदाज करण्यात आला. शांत कौटुंबिक नाट्य, सौम्य विनोद, तंत्राचा धाडसी खेळ आणि मुलांची परीकथा या चार गोष्टी एकमेकींसारख्या मुळीच नाहीत. त्यांना जोडणारा धागा एकच, तो म्हणजे त्यांच्या मागे असलेली निवड.

दुसरा पुरावा उलट बाजूचा आहे. को यांनी पुढे चित्रपट दिग्दर्शित केले. 'अ थाउजंड क्लाउन्स' (१९६५) हे हर्ब गार्डनर यांचे नाटक त्यांनी आधी ब्रॉडवेवर आणि मग पडद्यावर आणले. लहान मुलांच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमाचे निर्बुद्ध लेखन सोडून देणाऱ्या एका लेखकाची ही कथा को यांच्या मनाला का भिडली असेल, हे सहज कळते. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे नामांकन मिळाले, मार्टिन बालसम यांना साहाय्यक अभिनेत्याचे ऑस्करही मिळाले. तरी निरपेक्षपणे पाहता त्यात संवाद आणि जेसन रोबार्ड्स यांचा अभिनय जेवढा लक्षात राहतो, तेवढी दिग्दर्शकाची नजर राहत नाही. चित्र रस्त्यावर हिंडते ते घरात बसून बोलणाऱ्या नाटकाला हवा मिळावी म्हणून. 'मी, नॅटली' (१९६९) तर आज मुख्यतः अल पचिनो यांचा पहिला चित्रपट म्हणून आठवला जातो. पेन किंवा मॅन यांच्याशी तुलना केली असता दिग्दर्शक को उणे पडतात. यातून आम्ही काढलेला निष्कर्ष असा, की निर्मात्याचे काम म्हणजे दिग्दर्शनाची खालची पायरी नव्हे. ते निराळे काम आहे, निराळी देणगी मागणारे. एकात थोर असलेला माणूस दुसऱ्यात मध्यम असू शकतो.

आता मर्यादांविषयी. त्या काळाला दूरचित्रवाणीचे 'सुवर्णयुग' म्हणण्याची प्रथा आहे. आम्ही हा शब्द जपून वापरू इच्छितो. या नाटकांमागे फिल्को आणि गुडइयर यांसारख्या कंपन्यांचा पैसा होता, आणि ग्राहक दुखावेल असे काही प्रायोजकांना चालत नसे. १९५० नंतर साम्यवादी असल्याच्या नुसत्या संशयावरून लेखक-कलावंतांना काम नाकारले जात होते. त्यामुळे या नाटकांतील माणूस आईशी भांडतो, लग्नासाठी झुरतो, म्हातारपणाला भितो. मात्र सरकारशी किंवा मालकाशी त्याचे भांडण फारसे ऐकू येत नाही. कृष्णवर्णीय माणूस तर या पडद्यावर जवळजवळ नव्हताच. ऑक्टोबर १९५५ मध्ये याच मालिकेत सिडनी पॉइटिए यांना घेऊन गोदी कामगारांच्या मैत्रीची कथा सादर झाली ती अपवाद म्हणून, आणि तीही मालिकेच्या अगदी अखेरीस, को यांनी तिची सूत्रे सोडल्यावर. को यांचे लेखक स्वयंपाकघराच्या दारापर्यंत थांबले असे कोणी म्हटले, तर ते खोटे ठरणार नाही. त्या स्वयंपाकघरात त्यांना जे दिसले ते खरे होते, एवढेच आमचे म्हणणे.

या मर्यादेतच ऱ्हासाचे बीज होते. १९५० साली अमेरिकेतील शंभर घरांपैकी साधारण नऊ घरांत दूरचित्रवाणी संच होता. १९५५ पर्यंत तो निम्म्याहून अधिक घरांत पोहोचला. प्रेक्षक बदलला आणि जाहिरातदारांचा हिशेबही बदलला. विवंचनेतल्या माणसांच्या गोष्टींमध्ये साबण आणि मोटारी विकणे त्यांना अवघड वाटू लागले. को यांची 'प्लेराइट्स ५६' ही पुढची मालिका मंगळवारी रात्री लागे. हेमिंग्वे यांच्या कथेवरील 'द बॅटलर' तीतच झाले. जेम्स डीन यांच्या अपघाती मृत्यूमुळे रिकामी झालेली प्रमुख भूमिका तेथे पॉल न्यूमन यांनी केली. पण त्याच रात्री प्रतिस्पर्धी वाहिनीवर चौसष्ट हजार डॉलरची प्रश्नमंजूषा चालू होती. देश तिकडे वळला आणि को यांची मालिका एका हंगामात आटोपली. त्या काळातील अनेक प्रश्नमंजूषांत काही स्पर्धकांना उत्तरे आधीच पुरविली जात होती, हे दोन-तीन वर्षांनी उघडकीस आले. तोवर थेट नाट्याची जागा हॉलिवूडमधील चित्रित मालिकांनी घेतली होती.

२ ऑक्टोबर १९५८ रोजी 'प्लेहाउस ९०' मध्ये को यांनी जे. पी. मिलर यांचे 'डेज ऑफ वाइन अँड रोझेस' सादर केले. मद्यपानाने उद्ध्वस्त होणाऱ्या जोडप्याची ही कथा. दिग्दर्शक जॉन फ्रँकनहायमर. १९६२ साली तिचा चित्रपट झाला. निर्माता पुन्हा दुसराच.

पण को रंगभूमीकडे वळले, आणि आपली माणसे त्यांनी बरोबर नेली. विल्यम गिब्सन यांचे 'द मिरॅकल वर्कर' त्यांनी १९५९ साली आर्थर पेन यांच्या दिग्दर्शनाखाली ब्रॉडवेवर आणले. त्याला सर्वोत्कृष्ट नाटकाचे टोनी पारितोषिक मिळाले. टॅड मोझेल यांच्या 'ऑल द वे होम'ला १९६१चे पुलित्झर मिळाले. तेही को यांच्याच निर्मितीत उभे राहिले होते. 'द मिरॅकल वर्कर'चा १९६२चा चित्रपट मात्र त्यांच्या नावावर आहे. अंध-बधिर हेलन केलर आणि तिच्या शिक्षिका ॲन सुलिव्हन यांची ही कथा आपल्याकडील प्रेक्षकांना निराळ्या रूपात परिचयाची आहे. २००५ सालच्या 'ब्लॅक' या हिंदी चित्रपटाची प्रेरणा हेलन केलर यांचेच जीवन होते.

को यांचा मृत्यू २९ एप्रिल १९७९ रोजी लॉस एंजेलिस येथे झाला. त्या वेळी ते चौसष्ट वर्षांचे होते. त्यांची अखेरची निर्मिती ऑक्टोबर महिन्यात, म्हणजे त्यांच्या पश्चात, दूरचित्रवाणीवर दाखविली गेली. ती होती 'द मिरॅकल वर्कर'च. वीस वर्षांपूर्वी त्यांच्या रंगमंचावर बालवयात हेलन साकारणारी पॅटी ड्यूक त्यात शिक्षिकेच्या भूमिकेत होती. शिकणारे मूल मोठे होऊन शिकविणाऱ्याच्या जागी उभे राहिले. को यांच्या कामाचे याहून योग्य चित्र आम्हांला सुचत नाही. त्यांच्या चरित्रकाराने १९९७ साली आपल्या ग्रंथाला 'छायेतला माणूस' अशा अर्थाचे नाव दिले, तेही सार्थ आहे.

हा लेख लिहीत असताना आम्ही आमच्याकडील काही जुन्या नाट्यप्रयोगांच्या पत्रिका चाळल्या. नटांची नावे आहेत, दिग्दर्शकाचे आहे, उद्घाटकांचे तर ठळक अक्षरांत आहे. ज्यांनी अनोळखी तरुणाची संहिता वाचून 'हे आपण करू' असे म्हटले, त्यांचे नाव बहुतेक पत्रिकांत नाही. त्यांपैकी दोघातिघांना आम्ही ओळखत होतो. ते आता हयात नाहीत, आणि त्यांनी नाकारलेल्या व स्वीकारलेल्या संहितांची नोंद कोणी ठेवलेली नाही. को यांच्या निदान काही प्रयोगांच्या करड्या, धूसर प्रतिमा उरल्या. आमच्या समीक्षेने आणि आमच्या संस्थांनी पुढच्या पत्रिकेत तेवढी एक ओळ वाढवावी, अशी आमची विनंती आहे.